नऊ नग, ताणमुक्त

माझी वहिनी मंगळवारी भर दुपारी ड्युटीवर चक्कर येऊन पडली आणि शुक्रवारी माझ्या टेबलावर कागद आला: 'ताण व्यवस्थापन कोर्स, तातडीने खरेदी करावा. प्रशिक्षणार्थी: नग नऊ.' मी खरेदी विभागात आहे. अठरा वर्षं मी या कंपनीसाठी नट-बोल्ट, ग्रीस, तारेचे दोर, झाडू आणि साहेबांच्या खुर्चीची चाकं विकत घेते आहे. सगळं चाळून घेते म्हणून माझ्या पाठीमागे मला सगळे 'चाळणी' म्हणतात. तोंडावर कोणी म्हणत नाही, कारण पुढच्या महिन्यात त्यांना पेनं लागणार असतात.

आमची कंपनी इमारतींच्या लिफ्ट दुरुस्त करते. लिफ्ट मध्येच बंद पडली की आतल्या माणसाने लाल बटण दाबायचं. फोन आमच्या तिसऱ्या मजल्यावरच्या डेस्कला लागतो. डेस्कवरच्या माणसाने मेकॅनिक पाठवायचा आणि तो पोहोचेपर्यंत आतल्याशी बोलत राहायचं. दार उघडेपर्यंत फोन ठेवायचा नाही, हा नियम. वहिनी हे काम सहा वर्षं करते आहे आणि तिच्यासारखं कोणाला जमत नाही. अंधारात ओरडणाऱ्या माणसाला ती विचारते, तुमच्या घरचे पडदे कुठल्या रंगाचे आहेत हो? आणि तो बिचारा ओरडायचं सोडून पडदे आठवत बसतो. ही नोकरी तिला मीच सुचवली होती. दादाला, म्हणजे माझ्या भावाला, ती पसंत नव्हती. 'दिवसभर परक्यांची घाबरगुंडी ऐकायची, हे काय काम आहे?' असं तो म्हणायचा. वहिनी मात्र संध्याकाळी घरी आली की 'आज अकरा जण बाहेर काढले' असं सांगते, जणू स्वतःच्या हाताने ओढून काढलेत.

या डेस्कवर बारा जागा मंजूर आहेत. भरलेल्या आहेत नऊ. उरलेल्या तीन खुर्च्यांवर गेली दोन वर्षं फायली बसतात.

त्या मंगळवारी पाळीतली एक जण आजारी होती, दुसरा रजेवर. वहिनी सकाळी सातपासून एकटी. एक फोन संपायच्या आत दुसरा. डबा उघडला नाही. पाणी प्यायली नाही, कारण पाणी प्यायलं की जावं लागतं आणि जायला उठलं तर फोन कोणी घ्यायचा? पावणेदोन वाजता, सातव्या आणि आठव्या मजल्यांच्या मध्ये अडकलेल्या एका आजोबांशी बोलता बोलता ती खुर्चीवरून खाली आली. आमच्याकडे सगळे फोन रेकॉर्ड होतात. त्यावर पुढची दहा मिनिटं फक्त आजोबांचा आवाज आहे: 'बाई, घाबरू नका. कोणीतरी येईलच. मी आहे इथे.'

डॉक्टरांनी लिहून दिलं, रिकामं पोट आणि अतिथकवा. त्यावर कंपनीत मीटिंग झाली आणि ठरलं की डेस्कला ताण हाताळता येत नाही. रोग रेड्याला आणि औषध पखालीला. मी कर्मचारी कल्याण अधिकारी बाईंना विचारलं, की त्या तीन खुर्च्या का भरत नाही? बाई मान तिरपी करून बोलतात, म्हणजे समोरच्याला आपल्याबद्दल कळवळा आहे असं वाटतं.

"माणसं भरायला वरून मंजुरी लागते," त्या म्हणाल्या. "कोर्स आपल्या अधिकारात आहे." मग जिन्याजवळ थांबवून हळूच म्हणाल्या, "आणि हे बघा, तुमच्या वहिनी करारावर आहेत. पुन्हा असं झालं तर पुढच्या वर्षी करार वाढवणं मला अवघड जाईल. तेव्हा कोर्स चांगला निवडा."

मला तेव्हाच राग यायला हवा होता. आलाही, पण तो मी कामावर काढला. ठरवलं, असा कोर्स निवडायचा की वहिनीच्या नोकरीला कोणी बोट लावता कामा नये. आपल्याला बोल्ट निवडता येतात तर मनःशांती का नाही? मी नेहमीसारखी जाहिरात दिली, दरपत्रकं मागवली आणि प्रत्येकाला कळवलं की आधी नमुना दाखवावा लागेल. ग्रीससुद्धा मी चिमटीत घेऊन बघितल्याशिवाय घेत नाही.

पहिले आले ते मौनवाले. पांढरा सदरा, अनवाणी पाय, आणि बूट हातात धरायला एक सहायक. त्यांनी डेस्कवरच्या लोकांना डोळे मिटायला सांगितलं. फोन वाजला.

"वाजू द्या," मौनवाले म्हणाले.

"लिफ्टमध्ये माणूस आहे," मी म्हटलं.

"तोही एकटा आहे, आपणही एकटे आहोत. त्याला त्याचा श्वास सापडू द्या."

वहिनीने एक डोळा उघडून फोन घेतला. मौनवाल्यांनी त्याबद्दल तिला माफ केलं. मी त्यांना जिन्यापर्यंत पोहोचवलं. लिफ्टने जायला ते तयार नव्हते.

दुसरी आली एक निवृत्त नर्स. हातात कापडी पिशवी, पायात झिजलेले बूट. तिने नमुना म्हणून काही दाखवलंच नाही. डेस्कच्या कोपऱ्यात स्टूल घेऊन बसली आणि चार तास नुसती बघत राहिली. कोण कधी उठतं, कोण कधी पाणी पितं, एवढंच एका चिठोऱ्यावर लिहीत होती. जाताना मला अर्धं पान दिलं: 'रिकाम्या तीन जागा भराव्यात. दर दोन तासांनी प्रत्येकाला पंधरा मिनिटं सोडावं. तोवर माझ्या कोर्सचा उपयोग नाही. नंतर गरज उरलीच तर बोलवावं.'

आता माझ्या तुलना-तक्त्यात सात रकाने असतात. अभ्यासक्रम, कालावधी, साहित्य, प्रमाणपत्र वगैरे. नर्सबाईंच्या अर्ध्या पानातून एकही रकाना भरेना. अठरा वर्षांत मी अपुरं दरपत्रक कधी स्वीकारलेलं नाही. त्यावर लाल शाईने लिहिलं, 'अभ्यासक्रम जोडलेला नाही. अपात्र.' हे लिहिताना माझा हात जराही अडखळला नाही, याची मला आज लाज वाटते.

तिसरा तो, ज्याला आम्ही पुढे मापाडी म्हणू लागलो. धान्य बाजारात जसा मापाडी प्रत्येक पोत्यात हात घालून बघतो, तसा हा प्रत्येकाच्या मनात हात घालायचा. त्याच्याकडे साठ प्रश्नांची प्रश्नावली होती. ती भरली की ताण किती ते शंभरपैकी आकड्यात निघायचं. कोर्सआधी एकदा मोजायचं, कोर्सनंतर एकदा. "जे मोजता येतं तेच कमी करता येतं, मॅडम," तो म्हणाला, आणि मी विरघळले. आकडा दिसला की मला माहेर भेटल्यासारखं वाटतं.

वर मी माझी हुशारीही घातली. करारात माझ्या हाताने कलम लिहिलं: 'कोर्सनंतर ताणाची सरासरी किमान तीस टक्के उतरली पाहिजे. न उतरल्यास पैसे मिळणार नाहीत.' साहेबांनी ते वाचून मान डोलावली आणि म्हणाले, "याला म्हणतात खरेदी." मी दोन दिवस त्या वाक्यावर तरंगत होते.

प्रश्नावली लोकांनी घरून भरून आणायची होती. मी रविवारी दादाकडे गेले तेव्हा वहिनी स्वयंपाकघरातल्या टेबलावर तीच घेऊन बसली होती. मला चिडवायचं असलं की ती मला वन्सं म्हणते आणि अहो-जाहो करते.

"वन्सं, खरं लिहू की शहाण्यासारखं लिहू?"

"खरं लिही," मी म्हटलं. "मूळ माप खोटं असलं तर कमी काय होणार?"

दादा भांडी पुसत होता. तो म्हणाला, "हात दाखवून अवलक्षण कशाला? ठीक आहे, ठीक आहे असं लिहून मोकळी हो." आम्ही दोघींनी त्याच्याकडे दुर्लक्ष केलं. घरात त्याचं ऐकायची पद्धत नाही. 'कामाच्या वेळेत तुम्ही स्वतःसाठी वेळ काढता का?' या प्रश्नापुढे वहिनीने लिहिलं, 'लघवीला जाण्याइतका मिळाला तरी पुष्कळ.' तिचा आकडा आला चौऱ्याण्णव. बाकीच्या आठांचे साठच्या आगेमागे. त्यांच्या घरात दादासारख्यांचं ऐकायची पद्धत असावी.

कोर्स सहा शनिवारांचा होता. शनिवारी फोन कमी, डेस्कवर पाळीपाळीने एकच जण असतो, बाकीच्यांची हक्काची सुट्टी. कामाच्या दिवशी डेस्क रिकामं ठेवता येत नाही म्हणून मापाड्याने सुट्टीचा दिवस धरला. त्या दिवशी फोन कोण घेणार म्हणून मेकॅनिकांना बसवलं, आणि मेकॅनिक फोनवर बसल्यामुळे लिफ्ट उघडायला उशीर होऊ लागला, पण ते या गोष्टीत नको. पहिल्या शनिवारी सगळ्यांनी आपापली चिंता फुग्यावर लिहून फुगा फोडला. चिंता होती तिथेच राहिली, फुगे मात्र मलाच पुरवावे लागले. चौथ्या शनिवारी 'नाही म्हणायला शिका' हा धडा होता. वहिनी म्हणाली, "मग पुढच्या शनिवारी मी येणार नाही." मापाड्याने समजावलं की याला प्रतिकार म्हणतात, आणि वहीत काहीतरी टिपून घेतलं.

"तुमच्या कोर्सने माझी सुट्टी खाल्ली, वन्सं," ती मला म्हणाली. तिच्या डोळ्यांखाली काळं आलं होतं. मी म्हटलं, दोन शनिवार राहिलेत, जरा कळ काढ. कोर्स निवडला होता मी, त्यामुळे तो चांगला असणं भागच होतं.

सहावा शनिवार झाला आणि मापाड्याने दुसऱ्यांदा माप घेतलं. आठजण एव्हाना शहाणे झाले होते. त्यांनी भराभर 'कधीच नाही, कधीच नाही' अशा खुणा केल्या आणि घर गाठलं. वहिनीने याही वेळी एकेक प्रश्न वाचून उत्तर लिहिलं. तिचा आकडा सत्त्याण्णव आला. नऊजणांची सरासरी उतरली सव्वीस टक्के. माझ्या कलमाप्रमाणे मापाड्याला एक पैसा मिळणार नव्हता.

मापाडी काही कच्च्या गुरूचा चेला नव्हता. त्याने अहवालात लिहिलं की आठ प्रशिक्षणार्थींचा ताण बत्तीस टक्के उतरला आहे आणि एक प्रशिक्षणार्थी कोर्सला प्रतिसाद देत नाही, तेव्हा तिला हिशेबातून वगळावं. एवढ्यावर थांबला नाही. खाली शेरा मारला: 'अतिजोखीम. संवेदनशील कामासाठी अयोग्य.' सोमवारी वहिनीला पत्र मिळालं. डेस्कवरून तिला तळघरातल्या जुन्या कागदांच्या खोलीत पाठवण्यात येत होतं, करार संपेपर्यंत. त्याला दोन महिने राहिले होते.

ती माझ्या टेबलाशी पत्र घेऊन आली. चिडवलं नाही, वन्सं म्हणाली नाही.

"मी सहा वर्षांत एकही फोन मध्येच ठेवलेला नाही," ती म्हणाली. "एकदा पडले, तेवढंच. मला त्या खोलीत करमणार नाही गं. मला तेच काम येतं."

मी बघते म्हटलं. तिला खरं लिही म्हटलं ते मीच, ते कलम माझं, मापाडीही माझाच. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात, तो दांडा मी होते.

दुसऱ्याच दिवशी मालपावती आली. आमच्याकडे काहीही विकत घेतलं की खरेदीवाल्याने माल पाहून पावतीवर सही करायची असते. त्याशिवाय पुरवठादाराला पैसे मिळत नाहीत. कल्याण अधिकारी बाईंनी वर चिकटवलेल्या चिठ्ठीत लिहिलं होतं, 'कलम पूर्ण झाले. कृपया सही.' मी तो कागद दुपारपर्यंत तसाच ठेवला. मग खाली गेटवरून शिपाई पुल्यांची नोंदवही घेऊन आला आणि माझ्या डोक्यात प्रकाश पडला.

लिफ्टच्या पुल्या झिजल्या की आम्ही त्या बाहेरच्या कारखान्यात घासायला पाठवतो. गेटमधून मोजून जातात, मोजून आत येतात. नऊ गेल्या आणि आठ आल्या, तर त्या आठ कितीही चकचकीत असोत, पावतीवर सही होत नाही. नववी कुठे आहे ते आधी सांगा. मी लाल शाईचं पेन घेतलं आणि मापाड्याच्या मालपावतीवर लिहिलं: 'कोर्ससाठी पाठवले नग नऊ. परत आले आठ. माल अपुरा. स्वीकारता येत नाही.'

साहेबांनी मला बोलावून घेतलं. कल्याण अधिकारी बाई तिथेच होत्या, मान सरळ ठेवून.

"अहो, माणसं म्हणजे काय पुल्या आहेत का?" साहेब म्हणाले.

"कागदावर नग लिहिलंय, साहेब. मला कागदाप्रमाणे चालावं लागतं."

"मग आता काय करायचं?"

"त्यांनी नववा नग दुरुस्त करून द्यावा. नाहीतर सगळंच परत. पुल्यांचा नियम तुमच्याच सहीचा आहे."

साहेबांना स्वतःच्या सहीविरुद्ध बोलता येत नाही, हे मला अठरा वर्षांपासून माहीत आहे. त्यांनी मापाड्याला फोन लावला.

मापाडी बुधवारी आला. मीटिंगच्या खोलीत वहिनीला घेऊन बसला आणि दार लावून घेतलं. वीस मिनिटांनी दोघं बाहेर आले. वहिनीचा ताण शंभरपैकी अकरा भरला होता. डेस्कवर कोणाचा इतका कमी नव्हता. साहेबांचासुद्धा मोजला असता तर जास्तच निघाला असता. मापाड्याने अहवालात नवा शेरा लिहिला, 'उल्लेखनीय सुधारणा', आणि जुना शेरा रद्द केला. त्याच संध्याकाळी वहिनीला परत डेस्कवर घेतल्याचं पत्र निघालं. मी मालपावतीवर लिहिलं, 'नऊ पाठवले, नऊ मिळाले. सर्व नग ताणमुक्त,' आणि झोकात सही केली. घरी जाताना स्वतःची पाठ थोपटायला हात पुरत नव्हता.

पुढच्या सोमवारी दुपारी मी मुद्दाम तिसऱ्या मजल्यावर गेले. वहिनी एकटीच होती. बाजूच्या तीन खुर्च्यांवर फायली. तिने बोटाने थांब अशी खूण केली आणि फोनवर कोणाला तरी विचारत राहिली की तुमच्या मुलीची शाळा किती वाजता सुटते. दार उघडल्याचा आवाज आला, तिने हेडफोन गळ्यात ओढला. मला वाटलं, आता वन्सं म्हणेल.

"काय लिहिलंस गं त्या दिवशी?" मी विचारलं.

"काही नाही. तो सांगत गेला, मी खुणा करत गेले. प्रश्न वाचलेसुद्धा नाहीत."

"काम झालं ना पण."

"झालं." तिने टेबलावरची एक फाइल सरळ केली. "शुक्रवारी पाळी सुटल्यावर आम्ही कल्याणबाईंकडे गेलो होतो. तीन माणसं मागायला. नऊही जणांच्या सह्यांचा अर्ज केला होता. त्यांनी तुझी मालपावती काढून पुढे ठेवली. म्हणाल्या, इथे ताण उरलेलाच नाही असं खरेदीने लिहून दिलंय, मग माणसं कशाला? म्हणाल्या, तुमच्या वन्सं एवढ्या कडक, त्या उगाच सही करायच्या नाहीत."

"मी तुझ्यासाठी केलं ते," मी म्हटलं.

"माहीत आहे मला."

ती रागावली असती तर बरं झालं असतं. तिच्या आवाजात राग नव्हता. लिफ्टमधल्या माणसाशी बोलायचा तिचा जो आवाज आहे, त्याच आवाजात ती माझ्याशी बोलत होती, आणि ते मला सहन होईना. मी म्हटलं की सही मागे घेते, पत्र लिहिते, साहेबांना भेटते. ती मान हलवत ऐकत होती.

"ते कर नंतर," ती म्हणाली. "आत्ता पाच मिनिटं बस माझ्या जागी. सकाळपासून उठलेले नाही."

तिने हेडफोन माझ्या हातात दिला आणि जवळजवळ पळतच गेली. मी खुर्चीत बसले. खुर्चीचं एक चाक निखळलेलं होतं आणि ती डावीकडे कलत होती. त्याची मागणी माझ्याकडे मार्चपासून पडून होती. समोरचा दिवा लाल झाला. मी हेडफोन डोक्यावर चढवून बटण दाबलं.

"हॅलो? लाइट गेलेत," एक बाई म्हणाली. तिचा श्वास मला ऐकू येत होता. "माझ्याजवळ बाळ आहे. कोणी आहे का तिकडे?"

"आहे," मी म्हटलं. पुढे काय बोलायचं ते मला माहीत नव्हतं, आणि वहिनी अजून आली नव्हती.